कुलूप, किल्ली आणि आठ एमबीचं कार्ड

माळ्यावरून उतरवलेला प्लेस्टेशन २ पुसून टीव्हीला जोडला. लाल दिवा हिरवा झाला, पडद्यावर ते ओळखीचे मनोरे उगवले. (आपण काय काय खेळलो याची जी नोंद मेमरी कार्डावर राहते, तिच्यावरून हे मनोरे उभे राहतात, हे मला फार उशिरा कळलं.) मग आतून डिस्क फिरल्याचा आवाज, दोन-तीनदा टकटक, आणि पडदा लालभडक: ही डिस्क प्लेस्टेशनची नाही. डिस्क प्लेस्टेशनचीच होती, पैसे मोजून, पावती घेऊन आणलेली. वीस वर्षांच्या लेन्सला आता धड दिसत नाही, आणि जी दिसली नाही ती प्रत्येक डिस्क या मशीनच्या हिशेबी नकली.

जुन्या कन्सोलवर होमब्रू आणि बॅकअप चालवण्याचा प्रश्न आज बहुतेकांच्या घरात असा शिरतो. २०००च्या मार्चमध्ये जपानात आलेलं हे मशीन सोनीने जगभर साडेपंधरा कोटींहून जास्त विकलं. २०१३च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन थांबलं. आता नवी लेन्स, नवं कार्ड, नवी डिस्क, काहीच कंपनीकडून येत नाही. मशीन आपलं, डिस्क आपली, पण दोघांची गाठ घालून देणारा भाग थकलेला. मग लोक आडवाटेने जातात.

आधी शब्द सोडवून घेऊ. होमब्रू म्हणजे मुळात घरी गाळलेली बिअर. कन्सोलच्या जगात कंपनीच्या परवान्याशिवाय, हौसेने लिहिलेला प्रोग्रॅम: एखादा खेळ, चित्रपट दाखवणारा प्लेअर, फाइली हलवण्याचं साधन. बॅकअप म्हणजे आपल्याकडच्या डिस्कची प्रत. दोन्ही वेगळ्या गोष्टी आहेत, पण दार एकच. कंपनीची सही नसलेलं काहीतरी मशीनला चालवायला लावणं, हे ते दार. ते उघडलं की हौशी माणूस आत येतो, जतन करणारा येतो आणि चोरटाही येतो. या विषयावरचं निम्मं भांडण या तिघांतल्या एकाला पुढे करून बाकीच्या दोघांना झाकण्यातून होतं. चोरट्याने जतनाचा मुखवटा घालायचा आणि कंपनीने हौशी माणसाला चोरट्याच्या रांगेत उभं करायचं, अशी ही जुनी पद्धत आहे.

कुलूप नेमकं कुठे होतं हे पाहण्यासारखं आहे, कारण बहुतेकांची समजूत उलटी असते. प्लेस्टेशन २ची डिस्क कॉपी करणं कधीच अवघड नव्हतं. कॉम्प्युटरचा साधा डीव्हीडी ड्राइव्ह ती वाचतो आणि सगळी माहिती एका फाइलीत उतरवून देतो. अवघड आहे ती कॉपी मशीनच्या गळी उतरवणं. पहिल्या प्लेस्टेशनपासूनची युक्ती अशी: कारखान्यात डिस्क छापताना तिच्या आतल्या कडेजवळच्या मार्गिकेला मुद्दाम सूक्ष्म नागमोडी वळण दिलेलं असतं. त्या वळणात चार अक्षरांचा संकेत दडवलेला, जपानसाठी एक, अमेरिकेसाठी दुसरा, युरोपसाठी तिसरा. आपल्या घरचा सीडी रायटर माहिती लिहितो, पण ते वळण त्याला काढता येत नाही. म्हणजे नोटेवरचा मजकूर हुबेहूब, पण वॉटरमार्क नाही. प्लेस्टेशन २मध्ये ही तपासणी आणखी कडक झाली आणि तिचं काम ड्राइव्ह सांभाळणाऱ्या एका स्वतंत्र चिपकडे होतं.

त्या संकेतात प्रदेशाचं नावही होतं हे विसरू नये. दुबईहून काकांनी आणलेली डिस्क सिंगापूरहून आलेल्या मशीनवर चालेलच असं नव्हतं. त्यामुळे ही तपासणी चकवणारी बाहेरची चिप मशीनमध्ये बसवणारा प्रत्येक जण फुकट्या होता असं म्हणता येत नाही. पण आपल्याकडच्या बाबतीत फार सोवळेपणाही नको. मुंबई-पुण्याच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या गल्ल्यांत मशीन विकत घेतानाच दुकानदार विचारायचा, ‘चिप मारून देऊ?’ आणि त्याचा अर्थ सर्वांना ठाऊक होता. पारदर्शक प्लास्टिकच्या पाकिटातल्या, झेरॉक्स काढलेल्या कव्हरच्या डिस्क मूळ डिस्कच्या किमतीच्या एका कोपऱ्यात मिळत. माझंही मशीन चिप मारलेलंच होतं. आत दीड-दोन डझन बारीक तारा डागलेल्या. त्यातली एक वर्षभरात सुटली आणि ‘गॅरंटी चिपची, डागाची नाही’ असं उत्तर ऐकून मी घरी परतलो. हलक्या प्रतीच्या कोऱ्या डिस्क वाचताना लेन्सवर ताण येतो, हेही तेव्हा कोणी सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तरी ऐकलं असतं का, हा भाग वेगळा.

पुढची हकिकत मात्र चिपशिवायची आहे, आणि मला या विषयात सर्वांत रंजक वाटते ती हीच. कन्सोलची कुलपं फोडणाऱ्यांचं चित्र आपल्या डोळ्यांपुढे असतं ते अंधाऱ्या खोलीतल्या गणिती जादूगारांचं. प्रत्यक्षात बहुतेक वेळा कंपनीने स्वतःच्या सोयीसाठी मागे एक दार ठेवलेलं असतं आणि कोणीतरी ते ढकलून बघतं.

प्लेस्टेशन २चंच घ्या. ते आधीच्या प्लेस्टेशनचे खेळही चालवायचं. त्यासाठी जुन्या खेळांची एक छोटी यादी ते मेमरी कार्डावरून वाचू शके. २००३मध्ये लक्षात आलं की या यादीतली नोंद किती लांब आहे हे मशीन तपासतच नाही. प्रमाणाबाहेर लांब नोंद दिली की ती ठरलेल्या जागेतून बाहेर सांडते आणि सांडलेला भाग मशीन हुकूम समजून पाळतं. जुन्या प्लेस्टेशनची एक खरी डिस्क लावायची, कार्डावर ती बनावट यादी ठेवायची, की दार उघडं. ‘इंडिपेंडन्स’ नावाची ही युक्ती फक्त सुरुवातीच्या मशीनवर चाले.

दुसरं दार याहून मजेचं. जपानात निघालेल्या अगदी पहिल्या मशीनमध्ये डीव्हीडी चित्रपट दाखवणारा प्रोग्रॅम आत बसवलेला नव्हता. तो आठ एमबीच्या मेमरी कार्डावर यायचा. त्यामुळे सुरू होताना मशीनने आधी कार्डाकडे पाहायचं, तिथे काही नवीन असेल तर ते चालवायचं, अशी सवय त्याला लावलेली होती. पुढच्या मशीनमध्ये प्लेअर आत आला, पण सवय राहिली. २००८मध्ये आलेल्या ‘फ्री एमसी बूट’ने याच सवयीचा फायदा घेतला. कार्ड लावा, बटण दाबा, सोनीच्या मेनूत आणखी चार ओळी दिसतात. ना पेचकस, ना डागकाम. कार्डावरच्या या फाइली त्या त्या कार्डाच्या ओळखीशी बांधलेल्या असतात, म्हणून मित्राच्या कार्डावरून नुसत्या उतरवून चालत नाही, प्रत्येक कार्डावर त्या मशीनमध्येच बसवाव्या लागतात. त्याच वर्षाच्या उत्तरार्धात सोनीने ९०००० मालिकेच्या नव्या मशीनमधून ती सवय काढून टाकली. मशीन बाजारात येऊन तोवर आठ वर्षं झाली होती.

तिसरं दार २०२०च्या जूनमध्ये सापडलं, म्हणजे उत्पादन थांबून सात वर्षं उलटल्यावर. ‘फ्रीडीव्हीडीबूट’ या नावाने आलेली ही युक्ती डीव्हीडी प्लेअरमधल्याच एका चुकीवर उभी आहे: चित्रपटाच्या डिस्कवरची माहिती वाचताना लांबीची तपासणी नाही, पुन्हा तोच सांडण्याचा प्रकार. चित्रपटाची डिस्क घरी लिहिलेली असली तरी मशीन ती घेतं, कारण लोकांच्या लग्नाच्या डीव्हीडी त्यात चालायला हव्यात. ती डिस्कच मग किल्ली होते. आणि २०२१मध्ये ‘मेकापून’ आलं, ते थेट ड्राइव्ह सांभाळणाऱ्या त्या चिपपर्यंत पोचलं आणि नंतरच्या मशीनवरचं प्रदेशाचं बंधन कायमचं काढू लागलं.

इतर कंपन्यांची गोष्ट फार निराळी नाही. सेगाने ड्रीमकास्टसाठी स्वतःच्या एक जीबीच्या खास डिस्क बनवल्या, पण संगीताच्या सीडीत थोडी चित्रं घालून विकता यावीत म्हणून मिल-सीडी नावाचा एक प्रकार मशीनला शिकवून ठेवला. अशा सीडी मोजक्याच निघाल्या. त्या वाटेने २०००मध्ये साध्या सीडीवरचे नकली खेळ मात्र धो धो आत आले, तेही चिपशिवाय. पुढच्या वर्षीच्या मार्चअखेर ड्रीमकास्ट बंद झालं. नकली डिस्कनेच सेगाला बुडवलं असं अजून म्हटलं जातं. मला ते पटत नाही. सेगाचा ताळेबंद आधीच कोलमडला होता आणि समोर प्लेस्टेशन २ उभा होता. पण बुडत्याच्या खांद्यावर हे ओझंही पडलं, हे खरं. सोनीच्या पीएसपी या हातात धरून खेळायच्या मशीनला दुरुस्तीच्या कारखान्यासाठी ठेवलेली खूण बॅटरीत होती. बॅटरीचा अनुक्रमांक विशिष्ट आकडा दाखवू लागला की मशीन निमूटपणे सेवेला हजर. २००७मध्ये ते बाहेर फुटलं आणि साध्या बॅटरीची किल्ली झाली. निन्टेन्डोच्या वीमध्ये २००८साली झेल्डाच्या एका खेळातल्या घोडीला भलतंच लांबलचक नाव दिलं की दार उघडत होतं. वीच्या सहीच्या तपासणीतली चूक तर प्रोग्रॅमिंगच्या पहिल्या वर्षाला शिकवावी अशी आहे. सहीतले आकडे शब्द असल्यासारखे ताडून पाहिले जात, आणि संगणकाच्या लेखी शून्य आलं की शब्द संपला. दोन्हीकडे सुरुवातीलाच शून्य आणलं की तपासणी होण्याआधीच पास.

याला एक मानाचा अपवाद आहे. मायक्रोसॉफ्टच्या पहिल्या एक्सबॉक्सची गुप्त किल्ली अँड्र्यू हुआंग या संशोधकाने २००२मध्ये आतल्या वेगवान तारांवरून वाहणारी माहिती प्रत्यक्ष टिपून मिळवली. तिथे खरोखर अंधारी खोली आणि जादूगार होता.

त्याच एक्सबॉक्सवर हौशी मंडळींनी एक मीडिया प्लेअर लिहिला. नाव बदलत बदलत तो २०१४मध्ये ‘कोडी’ झाला, आणि आज जगभरच्या टीव्ही बॉक्सवर चालतो. होमब्रू म्हणजे चोरीचं गोंडस नाव, असं म्हणणाऱ्यांना मी हे उदाहरण देतो. कंपन्यांनाही हे कळत होतं. सोनीने १९९७मध्ये हौशी प्रोग्रॅमरसाठी काळ्या रंगाचं ‘नेट यारोझे’ विकलं, २००२मध्ये प्लेस्टेशन २साठी हार्डडिस्क, कीबोर्ड आणि माउससकट लिनक्सचा संच काढला. प्लेस्टेशन ३वरही लिनक्सची सोय होती, ती १ एप्रिल २०१०च्या अपडेटने काढून घेतली. विकताना दिलेली गोष्ट नंतर परत घेणं हे मला चिप मारण्याइतकंच खटकतं, आणि त्यावरून अमेरिकेत ग्राहक कोर्टात गेलेही.

हौशी बाजूचं अंगणही अगदी सारवलेलं नाही. वीवरचे बहुतेक होमब्रू प्रोग्रॅम ज्या पायाभूत लायब्ररीवर उभे आहेत, तिच्यातला काही भाग दुसऱ्यांच्या कोडवरून श्रेय न देता उचलला आहे, असा आरोप २०२५च्या एप्रिलमध्ये वीवर होमब्रू चालवून देणाऱ्या ‘होमब्रू चॅनल’च्या खुद्द कर्त्यांनीच केला आणि आपलं काम थांबवलं. स्वातंत्र्याच्या नावाने चाललेल्या कामातही ही घरची बाब अनेक वर्षं कुजबुजीतच राहिली होती.

आता ज्याच्या माळ्यावर मशीन आहे त्याने काय करावं? डिस्क आधी कॉम्प्युटरवर उतरवून घ्यावी, हे पहिलं. ओरखडे पडलेल्या डिस्कलाही चांगला ड्राइव्ह पुन्हा पुन्हा वाचून बऱ्याचदा वाचवतो, आणि एक ड्राइव्ह हरला तर दुसरा जिंकतो. मग ‘ओपन पीएसटू लोडर’ हा प्रोग्रॅम ती फाइल मशीनला डिस्क म्हणून पुरवतो. फाइल कुठे ठेवायची यावर सगळा अनुभव अवलंबून आहे. पेनड्राइव्ह सर्वांत सोपा आणि सर्वांत वाईट. या मशीनचं यूएसबी जुन्या पिढीचं, सेकंदाला जेमतेम एक एमबी देणारं; डीव्हीडी ड्राइव्ह त्याच्या पाचपट वेगाने वाचतो. खेळ बराचसा चालतो, पण मधली चित्रफीत आली की अडखळत, उचक्या देत पुढे सरकते आणि लोक समजतात फाइल खराब आहे. शिवाय जुन्या पद्धतीने तयार केलेल्या पेनड्राइव्हवर चार जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही. ‘गॉड ऑफ वॉर २’सारखे दोन थरांच्या डिस्कवरचे खेळ तर तुकडे करूनच ठेवावे लागत, लोडरच्या नव्या आवृत्त्यांनी हा जाच संपवला. सुरुवातीचं जाड मशीन असेल आणि त्याचा मागचा नेटवर्क अडॅप्टर हाताशी असेल, तर आत हार्डडिस्क बसवावी. त्याहून चांगलं काही नाही. नंतरच्या सडपातळ मशीनला केबलने घरच्या कॉम्प्युटरशी जोडता येतं, फक्त त्यासाठी लागणारी फाइल वाटपाची जुनी पद्धत विंडोजने २०१७पासून सुरक्षेपायी बंद ठेवली आहे. ती उघडायची तर निदान ज्या कॉम्प्युटरवर बँकेची कामं होतात त्यावर उघडू नये. अलीकडे मेमरी कार्डाच्या खाचेत एसडी कार्ड बसवणारा छोटासा अडॅप्टर मिळतो. वेग मध्यम, कटकट कमी. बहुतेकांना मी तोच सुचवतो.

मशीनच गेलं असेल तर कॉम्प्युटरवर पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर, म्हणजे मशीनची नक्कल करणारा प्रोग्रॅम, आहे. वीस वर्षांहून जास्त काळ त्यावर काम चालू आहे आणि आता तो मूळ मशीनपेक्षा स्वच्छ चित्र देतो. त्याला बायोस, म्हणजे मशीनला जागं करणारा आतला मूळ प्रोग्रॅम, लागतो, आणि तो सोनीच्या मालकीचा. बिघडलं तरी मशीन भंगारात घालू नये याचं हे एक कारण.

आणि हे सगळं कायद्यात बसतं का? देशागणिक उत्तर बदलतं. अमेरिकेत दुसऱ्याच्या मशीनची उलट बांधणी अभ्यासून सुसंगत वस्तू बनवणं योग्य ठरलं, १९९२च्या सेगा विरुद्ध अ‍ॅकोलेड आणि २०००च्या सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यांत. पण १९९८च्या कायद्याने कुलूप तोडणं हेच स्वतंत्रपणे बेकायदा ठरवलं, डिस्क तुमची असली तरी. ऑस्ट्रेलियाच्या सर्वोच्च न्यायालयाने २००५मध्ये चिप विकणाऱ्या एका माणसाच्या बाजूने निकाल दिला: चिप प्रत काढत नाही, काढलेली प्रत फक्त चालवते, आणि सोनीचं कुलूप प्रत काढणं अडवत नाही, म्हणून कायद्यातल्या अर्थाने ते संरक्षणच नव्हे. वर जी नागमोडी रेघ सांगितली, तिच्यावर हा सगळा युक्तिवाद तोललेला होता. पुढच्याच वर्षी तिथला कायदा बदलला. युरोपच्या न्यायालयाने २०१४मध्ये निन्टेन्डोच्या खटल्यात प्रमाणाचा मुद्दा आणला: कुलूप गरजेपेक्षा जास्त गोष्टी अडवतंय का आणि ते उघडणारं साधन प्रत्यक्षात कशासाठी वापरलं जातं, हे पाहा. जपान सर्वांत कडक. तिथे २०१८च्या शेवटापासून दुसऱ्याचं मशीन बदलून देण्याची सेवा विकणंही बेकायदा आहे.

भारताचा १९५७चा कॉपीराइट कायदा आश्चर्य वाटावं इतका समजूतदार आहे. कलम ५२ नुसार संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे रीतसर आहे त्याला हरवण्या-मोडण्यापासून संरक्षण म्हणून प्रत काढता येते. २०१२च्या दुरुस्तीने आलेलं कलम ६५अ कुलूप तोडण्याला दोन वर्षांपर्यंतची कैद सांगतं, पण हक्कभंग करण्याच्या हेतूने तोडलं तर. अमेरिकेच्या कायद्यात नसलेला हा हेतूचा शब्द फार मोलाचा आहे. मात्र यात एक फट आहे. खेळ म्हणजे नुसता प्रोग्रॅम नव्हे, त्यात संगीत आहे, चित्रं आहेत, अभिनय आहे. युरोपच्या न्यायालयाने याच कारणासाठी खेळांना निव्वळ प्रोग्रॅम मानायला नकार दिला. आपल्याकडचा कोणी न्यायाधीश त्याच वाटेने गेला तर कलम ५२ची सावली अर्धीच पडेल. आणि मूळ डिस्क नसताना इंटरनेटवरून उतरवलेल्या फाइलीला ‘बॅकअप’ म्हणणं म्हणजे स्वतःचीच समजूत काढणं आहे. कशाचा बॅकअप? झेरॉक्स कव्हरवाल्या डिस्कचा?

तरीही त्या उतरवलेल्या फाइलींचं काय करायचं हा प्रश्न सुटत नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३मध्ये केलेल्या पाहणीत अमेरिकेत निघालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात कुठल्याच रीतसर मार्गाने मिळत नाहीत असं आढळलं. ग्रंथालयांना असे खेळ संशोधकांना दुरून वापरायला देता यावेत, ही मागणी तिथल्या कॉपीराइट कार्यालयाने २०२४च्या ऑक्टोबरमध्ये फेटाळली. वीचं ऑनलाइन दुकान २०१९च्या जानेवारीत बंद झालं. तिथे विकत घेतलेल्या कितीतरी खेळांची कधी डिस्कच नव्हती. कंपनी विकत नाही, ग्रंथालयाला देऊ देत नाही, आणि ज्यांनी घरी उतरवून ठेवलंय ते गुन्हेगार. या तीन वाक्यांपैकी एक तरी बदलायला हवं, आणि माझ्या मते पहिलं बदलणं सर्वांत सोपं आहे.

हे सगळं परदेशातलं वाटत असेल तर आपल्या घरचे खेळ आठवा. भारतात या मशीनचं आयुष्य लांबलं, आणि शेवटी शेवटी सोनीने इथे इथलेच खेळ काढले. २००९मध्ये हैदराबादेत बनलेला ‘हनुमान: बॉय वॉरियर’ आला. त्याच वर्षी ‘देसी अड्डा’ आला, ज्यात कबड्डी, विटीदांडू आणि पतंग होते. २०१०मध्ये मुंबईच्या ट्राइन गेम्सचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ आला. खेळ म्हणून ते फार ग्रेट होते असं नाही. हनुमानाबद्दल तर न बोललेलंच बरं. पण विटीदांडू प्लेस्टेशनवर पुन्हा पुन्हा येत नाही, आणि परदेशातल्या संग्राहकांच्या यादीत या डिस्क शेवटी येतात. त्यांच्या नव्या आवृत्त्या काढाव्यात असं कोणाला वाटण्याची शक्यता शून्य.

त्या दिवशी लाल पडदा दाखवून मशीनने जी डिस्क नाकारली ती ‘स्ट्रीट क्रिकेट’चीच होती. कॉम्प्युटरच्या ड्राइव्हने ती तिसऱ्या प्रयत्नात वाचली. मधे एका जागी दहा मिनिटं अडून बसला होता. फाइल एसडी कार्डावर टाकली, दुसऱ्या खाचेत ते अडॅप्टर, पहिल्या खाचेत आठ एमबीचं जुनं काळं कार्ड. या वेळी मशीनला डिस्कची गरजच पडली नाही. ती परत डब्यात ठेवली आणि डब्यात पावतीही घडी करून घातली. शाई उडत चालली आहे. तिचीही एक प्रत काढून ठेवायला हवी.